उत्तर बरोबर, रीत चूक

गणिताची उत्तरपत्रिका तपासताना परीक्षकाची नजर आधी शेवटच्या ओळीकडे जाते, पण सगळे गुण तो त्या एकट्या ओळीला देत नाही. महाराष्ट्रातल्या दहावीच्या परीक्षेत सूत्र लिहिणे, किमती योग्य जागी ठेवणे, आकडेमोड करणे अशा पायऱ्यांना गुणांचा काही ना काही वाटा असतो. त्यामुळे शेवटी घसरलेला विद्यार्थीही थोडेफार गुण राखतो आणि नुसते उत्तर लिहून मोकळा होणारा ते गमावतो. गणित आले की नाही हे रीत पाहून ठरते आणि उत्तर हा त्या रीतीचा केवळ शेवट असतो, अशी समजूत या पद्धतीच्या मुळाशी आहे. संगणक शिक्षणात येऊन साठाहून अधिक वर्षे झाली आणि त्या सगळ्या काळातला मुख्य पेच ‘उत्तर’ आणि ‘रीत’ या दोन शब्दांत सापडतो. उत्तर ताडून पाहणे यंत्राला पहिल्या दिवसापासून जमत होते. रीत वाचणे त्याला अजून पुरते साधलेले नाही, आणि जेवढे साधले तेही बऱ्याच वळणांनी.

१९६० साली अमेरिकेतील इलिनॉय विद्यापीठात डोनाल्ड बिट्झर यांच्या पुढाकाराने ‘प्लेटो’ ही संगणकीय अध्यापनाची प्रणाली सुरू झाली, आणि त्याच दशकाच्या मध्यास स्टॅनफर्ड विद्यापीठातील पॅट्रिक सपीझ यांनी प्राथमिक शाळेच्या वर्गात टेलिप्रिंटर बसवून तो टेलिफोनच्या तारेने विद्यापीठातल्या संगणकाला जोडला. मूल रोज थोडा वेळ त्या यंत्रापुढे बसे, यंत्र उदाहरण छापी, मूल उत्तराचे आकडे दाबी, यंत्र चूक की बरोबर ते सांगे आणि पुढची उदाहरणे सोपी द्यायची की अवघड हे आधीच्या कामगिरीवरून ठरवी. पाढे घोटून घेणाऱ्या मास्तरांचे काम यंत्राने उचलले होते, आणि ते काम हलके लेखण्याचे कारण नाही, कारण ज्याची साधी आकडेमोडच अडखळते त्याला पुढचा विचार करायला उसंत मिळत नाही. तरीही सराव आणि समस्या-निराकरण या वेगळ्या गोष्टी आहेत. बुडापेस्टमध्ये जन्मलेले आणि पुढे स्टॅनफर्डला शिकवणारे गणिती जॉर्ज पोल्या यांनी १९४५ च्या ‘हाउ टु सॉल्व्ह इट’ या पुस्तकात समस्या सोडवण्याचे चार टप्पे मांडले होते: समस्या समजून घेणे, आराखडा आखणे, तो पार पाडणे आणि मागे वळून पाहणे. ज्याची रीत आधीच शिकवलेली आहे ते उदाहरण आणि जिची रीत सोडवणाऱ्याला स्वतः शोधावी लागते ती समस्या, असा भेद केला, तर टेलिप्रिंटरवरचे सारे काम तिसऱ्या टप्प्याच्या अखेरीस उगवणाऱ्या एका आकड्यापुरते होते.

आकड्यावर भरवसा ठेवण्याचा धोका किती खोल जातो, हे १९७३ साली स्टॅन्ली एर्लवँगर यांनी प्रसिद्ध केलेल्या एका अभ्यासाने उघड केले. त्यातला विद्यार्थी ‘बेनी’ या टोपणनावाने ओळखला जातो. तो बारा वर्षांचा, सहावीत शिकणारा आणि वर्गातल्या चांगल्या मुलांपैकी एक होता. त्याच्या शाळेतली गणिताची पद्धत पिट्सबर्ग विद्यापीठात तयार झालेली होती: विषयाचे छोटे तुकडे पाडलेले, प्रत्येकाने आपापल्या गतीने पुढे जायचे, उत्तरे उत्तरसूचीशी ताडली जायची आणि शंभरपैकी ऐंशी बरोबर आली की पुढचा धडा उघडायचा. तिथे संगणक नव्हता, पण पुढे असंख्य सॉफ्टवेअरांनी उचलला तो साचा हाच. एर्लवँगर यांनी बेनीला बसवून बोलते केले, तेव्हा असे दिसले की व्यवहारी अपूर्णांकाचे दशांश रूप करताना तो अंश आणि छेद यांची बेरीज करून मध्ये दशांश चिन्ह देत असे. २/१० म्हणजे त्याच्या लेखी १.२ आणि ५/१० म्हणजे १.५. याच नियमाने ४/११ सुद्धा १.५ आणि ११/४ सुद्धा १.५ येतात, आणि त्यात त्याला काहीही वावगे वाटत नव्हते. असे असूनही तो एकामागून एक धडे ओलांडत आला होता. त्याहून वाईट म्हणजे, एकच किंमत दोन प्रकारे लिहिली तर उत्तरसूची त्यातले एकच रूप मान्य करते, हा अनुभव त्याने वारंवार घेतला होता आणि त्यावरून गणित म्हणजे कोणा हुशार माणसाने ठरवलेल्या, परस्परांशी फारसा संबंध नसलेल्या नियमांचा खेळ आहे, असा निष्कर्षही काढून ठेवला होता. अपूर्णांकांची चूक महिनाभरात सुधारता येईल. ही समजूत मात्र उत्तरसूचीनेच रुजवलेली होती.

चूक हा अपघात नसून तिलाही रीत असते, या कल्पनेचा संगणकाने पहिल्यांदा पद्धतशीर उपयोग केला तो जॉन सीली ब्राउन आणि रिचर्ड बर्टन यांच्या ‘बगी’ या आज्ञावलीत, जिच्याविषयीचा त्यांचा प्रमुख लेख १९७८ साली आला. संगणकाच्या आज्ञावलीत शिरलेल्या दोषाला तंत्रज्ञ ‘बग’ म्हणतात. मुलाच्या डोक्यातील वजाबाकीची रीत ही देखील एक आज्ञावलीच मानली, तर तिच्यातला एखादा दोष नेमका ठरवता येईल, अशी त्यांची धारणा होती. ५४२ मधून ३८९ वजा करताना एखादे मूल २४७ लिहिते. बरोबर उत्तर १५३. वरकरणी हे उत्तर कुठूनही आलेले वाटते, पण स्तंभ सुटे करून पाहिले की शतकस्थानी पाचातून तीन गेले दोन, दशकस्थानी आठातून चार गेले चार आणि एककस्थानी नवातून दोन गेले सात, म्हणजे प्रत्येक स्तंभात मोठ्या अंकातून लहान अंक वजा करायचा, मग मोठा वर असो की खाली, असा पक्का नियम दिसतो. असे मूल ६३ मधून २१ वजा करताना कधीच चुकत नाही, त्यामुळे हातचा न लागणाऱ्या उदाहरणांच्या चाचणीत ते पैकीच्या पैकी गुण घेते.

शून्य आले की प्रकार आणखी गुंतागुंतीचा होतो. ३०५ मधून १६७ वजा करताना २३८ असे उत्तर देणाऱ्या मुलाने एककस्थानी हातचा घेऊन पंधरातून सात वजा केलेले असतात, दशकस्थानच्या शून्याचा नऊ केलेला असतो आणि नवातून सहा वजा करून तीनही अचूक लिहिलेले असतात. फक्त तो दशक ज्या शतकातून आला त्या तिनाचा दोन करायचा राहून जातो. बरोबर उत्तर १३८ आहे. इथे मुलाला वजाबाकी येत नाही असे म्हणणे अन्यायाचे होईल, कारण रीतीच्या साऱ्या पायऱ्यांपैकी एकच गळलेली आहे. ब्राउन आणि बर्टन यांनी अशा दोषांची मोठी यादी केली आणि निकाराग्वातील तेराशेंहून अधिक मुलांच्या उत्तरांवर ती चालवून पाहिली. त्यांतल्या बऱ्याच मुलांच्या चुका सैरभैर नव्हत्या, नियमाला धरून होत्या. पुढे कर्ट व्हॅनलेन यांच्यासह ब्राउन यांनी १९८० मध्ये त्याचे कारणही सुचवले: शिकवलेली रीत जिथे अडते तिथे मूल थांबत नाही, तात्पुरती डागडुजी करून पुढे सरकते, आणि तीच डागडुजी चुकीच्या नियमाच्या रूपाने नजरेस पडते. म्हणूनच तेच मूल दोन दिवसांनी वेगळी डागडुजी करू शकते.

या शोधातून जी मोठी आशा उगवली ती मात्र तितकीशी फळली नाही. चूक नेमकी ओळखली की तिच्यावर नेमका इलाज करता येईल, असे वाटणे साहजिक होते. पण डेरेक स्लीमन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९८० च्या दशकाच्या अखेरीस बीजगणित शिकणाऱ्या मुलांवर हे तपासले, तेव्हा मुलाला त्याचीच चूक दाखवून शिकवणे आणि चुकीचा उल्लेखही न करता रीत पुन्हा शिकवणे यांचे फळ साधारण सारखेच निघाले. निदानाचे महत्त्व याने संपत नाही, कारण पुन्हा काय शिकवायचे हे तरी निदानावरूनच कळते. पण वर्गात वर्षानुवर्षे ‘पुन्हा एकदा फळ्यावर बघा’ म्हणणाऱ्या शिक्षकांची बाजू त्या निकालाने अनपेक्षितपणे घेतली.

दरम्यान पिट्सबर्गमधीलच कार्नेगी मेलन विद्यापीठात जॉन अँडरसन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी दुसरी वाट धरली. त्यांच्या प्रणालीत विद्यार्थी शेवटचे उत्तर नव्हे, प्रत्येक पायरी यंत्राला दाखवतो आणि यंत्र ती पायरी स्वतःपाशी असलेल्या बरोबर आणि चुकीच्या नियमांशी जुळवत जाते. ३क्ष + ७ = २२ हे समीकरण सोडवताना विद्यार्थ्याने ३क्ष = २९ लिहिले, तर सात वजा करण्याऐवजी मिळवले गेले, हे यंत्राला त्याच ओळीवर कळते आणि ते तिथेच हटकते. मदत मागितली तर सूचना पायऱ्यापायऱ्यांनी मिळतात: आधी कुठे पाहावे एवढेच, मग कोणता नियम लावावा ते, आणि शेवटी प्रत्यक्ष उत्तर. यात एक फट राहिली आणि मुलांनी ती चटकन हेरली. सूचनेची कळ पटापट दाबत शेवटच्या सूचनेपर्यंत जायचे आणि तिथले उत्तर उतरवून घ्यायचे, ही युक्ती संशोधकांना एवढी वारंवार दिसली की रायन बेकर यांनी २००४ च्या सुमारास तिचा स्वतंत्र अभ्यास केला आणि असे करणारी मुले कमी शिकतात, हेही त्यांना आढळले.

या प्रणालीच्या पोटात असलेले गणित समजून घेण्यासारखे आहे, कारण आज कितीतरी शैक्षणिक ॲपच्या पडद्यावर भरत जाणारी कौशल्याची पट्टी बहुधा अशाच हिशेबाने भरते. अल्बर्ट कॉर्बेट आणि अँडरसन यांनी १९९५ मध्ये मांडलेल्या पद्धतीत विद्यार्थ्याला एखादे कौशल्य येते की नाही हे थेट दिसत नाही, असे गृहीत धरून त्याची संभाव्यता प्रत्येक उत्तरानंतर नव्याने काढतात. समजा, ती सुरुवातीला ०.४ आहे, कौशल्य येत नसतानाही अंदाजाने उत्तर बरोबर येण्याची शक्यता ०.२ आणि येत असूनही हात घसरण्याची शक्यता ०.१ आहे. विद्यार्थ्याचे उत्तर बरोबर आले, तर ते येत असल्यामुळे आले याचा वाटा ०.४ गुणिले ०.९ म्हणजे ०.३६ आणि नशिबाने आले याचा वाटा ०.६ गुणिले ०.२ म्हणजे ०.१२ होतो, ०.३६ ला या दोहोंच्या बेरजेने, ०.४८ ने, भागले की नवी संभाव्यता ०.७५ मिळते. उत्तर चुकले असते, तर ती याच हिशेबाने ०.०८ च्या खाली घसरली असती. यावर प्रत्येक प्रयत्नातून थोडे शिकणे होते म्हणून किंचित भर घालतात, आणि आकडा ०.९५ ओलांडतो तेव्हा कौशल्य आत्मसात झाले असे धरतात. हिशेब चोख आहे, पण तो ज्या नियमांच्या यादीवर उभा आहे तिच्यात नसलेली, तरीही बरोबर असलेली वाट एखाद्याने काढली, तर तिची दखल घ्यायला त्यात जागा नाही. पोल्यांचा दुसरा टप्पा, म्हणजे आराखडा आखणे, इथेही बव्हंशी यंत्रानेच आधी करून ठेवलेला असतो.

महाविद्यालयीन पातळीवर अडचण निराळी होती, कारण तिथे उत्तर आकडा नसून बहुधा बैजिक राशी असते आणि एकच राशी अनेक रूपांत लिहिता येते. १९९० च्या दशकाच्या मध्यास रॉचेस्टर विद्यापीठात मायकेल गेज आणि अर्नोल्ड पायझर यांनी ‘वेबवर्क’ तयार केले, त्यात विद्यार्थ्याची राशी आणि शिक्षकाची राशी यांत क्ष च्या काही यादृच्छिक, म्हणजे चिठ्ठी टाकून निवडाव्यात तशा, किमती ठेवून दोन्हींची उत्तरे जुळतात का ते पाहिले जाते. एकच किंमत ठेवून का भागत नाही, हे (क्ष + ३)² चा विस्तार क्ष² + ९ असा करणाऱ्या सार्वत्रिक चुकीवरून कळते: क्ष ला ० मानले तर दोन्हीकडे ९ येतात आणि चूक निसटते, १ मानले तर एकीकडे १६ आणि दुसरीकडे १० येऊन ती पकडली जाते. ब्रिटनमध्ये ख्रिस सँग्विन यांनी २००४ पासून विकसित केलेली ‘स्टॅक’ ही प्रणाली याहून पुढे जाते. तिच्यामागे ‘मॅक्सिमा’ हे बैजिक राशींवर प्रत्यक्ष क्रिया करणारे सॉफ्टवेअर असते, त्यामुळे ती दोन राशींची वजाबाकी करून शून्य येते का ते पाहू शकते. वर्तुळी फलने, घातांकी फलने आणि निरपेक्ष मूल्य यांच्या सरमिसळीने बनलेली कोणतीही राशी शून्याइतकी आहे का हे ठरवणारी सर्वसाधारण पद्धत असूच शकत नाही, हे डॅनियल रिचर्डसन यांनी १९६८ मध्येच सिद्ध केले होते, पण पदवीच्या पहिल्या वर्षाच्या प्रश्नांपर्यंत ती अडचण क्वचित पोचते.

व्यवहारातली खरी पंचाईत साधी आणि काहीशी गमतीची आहे. ‘क्ष² − ५क्ष + ६ चे अवयव पाडा’ असा प्रश्न घातला आणि विद्यार्थ्याने तीच राशी जशीच्या तशी उत्तर म्हणून लिहिली, तर (क्ष − २)(क्ष − ३) या उत्तराशी तिची किंमत तंतोतंत जुळते आणि भोळे यंत्र पूर्ण गुण देऊन टाकते. म्हणून किमतीची तपासणी आणि रूपाची तपासणी वेगळी ठेवावी लागते, आणि शिक्षकाला प्रश्न रचतानाच विद्यार्थी कुठे कुठे घसरेल याचा अंदाज बांधून त्या प्रत्येक फाट्यावर काय सांगायचे हे झाडाच्या फांद्यांसारखे मांडून ठेवावे लागते. उत्तर क्ष² + ९ निघाले तर ‘मधले पद कुठे गेले’ असे विचारायचे, आणि पहिल्या भागात चुकलेल्या विद्यार्थ्याने दुसऱ्या भागात आपल्याच चुकीच्या आकड्यावर अचूक काम केले असेल, तर त्याचे गुण राखायचे. अनुभवी परीक्षक हातातल्या पेनाने हे सहज करतो. या पद्धतीचा सर्वांत मोलाचा लाभ मात्र कागदावर परवडत नाही असा आहे. ‘२ आणि ३ ही ज्याची मुळे आहेत असे कोणतेही एक त्रिघाती समीकरण लिहा’ या प्रश्नाला अगणित बरोबर उत्तरे आहेत. दोनशे विद्यार्थ्यांची दोनशे निरनिराळी उत्तरे तपासायला शिक्षक धजावत नाही, यंत्र मात्र प्रत्येकात २ आणि ३ ठेवून क्षणात निकाल देते. रीत उलटी फिरवून शोध घ्यायला लावणारा असा प्रश्न यंत्रामुळे विचारता येऊ लागला.

परीक्षांमध्ये मात्र संगणक बहुतेक ठिकाणी याच्या उलट दिशेने वापरला जातो. महाराष्ट्रातली अभियांत्रिकी आणि औषधनिर्माणशास्त्र प्रवेशासाठीची सीईटी २०१९ पासून संगणकावर होते; गणिताचे ५० बहुपर्यायी प्रश्न, प्रत्येकी २ गुण, ९० मिनिटांचा वेळ आणि चुकीच्या उत्तराला गुणकपात नाही, असा तिचा साचा ठरला. प्रचंड संख्येने बसणाऱ्या विद्यार्थ्यांसाठी ही सोय समजण्यासारखी आहे, पण चार पर्याय समोर दिसले की समीकरण सोडवण्याऐवजी एकेक पर्याय त्यात ठेवून पाहणे हीच शहाणपणाची रीत ठरते, आणि शिकवणी वर्गांत ती रीतसर शिकवलीही जाते. सँग्विन आणि इयन जोन्स यांनी २०१७ मध्ये दाखवले की विस्तार करणे आणि अवयव पाडणे यांसारख्या उलटसुलट क्रियांमध्ये अवघड दिशेचा प्रश्न बहुपर्यायी केला की तो सोपा होऊन बसतो, कारण विद्यार्थी सोप्या दिशेने उलटा जातो. सोप्या दिशेच्या प्रश्नात तसा फरक पडत नाही. फिनलंडने वेगळा रस्ता घेतला. तिथल्या शालान्त परीक्षेत गणित २०१९ च्या वसंतात संगणकावर आले, पण विद्यार्थ्याला बैजिक आकडेमोड करणारे सॉफ्टवेअर हाताशी देऊन; यंत्र जे करू शकते ते त्याला करू द्यावे आणि विद्यार्थ्याला युक्तिवाद लिहायला लावावा, असा त्यामागचा विचार.

यंत्रामुळे मुले प्रत्यक्षात किती शिकतात, याचे सर्वांत बोलके पुरावे भारतातले आहेत. वडोदऱ्यात ‘प्रथम’ या मुंबईत सुरू झालेल्या संस्थेच्या कार्यक्रमात चौथीच्या मुलांना आठवड्याला दोन तास जोडीने संगणकावर गणिताचे खेळ खेळायला दिले गेले. अभिजित बॅनर्जी, एस्थर डुफ्लो आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी २००७ मध्ये प्रसिद्ध केलेल्या निष्कर्षांनुसार दुसऱ्या वर्षी गणितात ०.४७ प्रमाण विचलनाची वाढ दिसली. प्रमाण विचलन म्हणजे मुलांचे गुण सरासरीभोवती किती पसरलेले आहेत याचे माप. शिक्षणाच्या प्रयोगात त्याच्या निम्म्याजवळ पोचणारी वाढ मोठी मानतात. कार्यक्रम थांबल्यावर वर्षभरात तिचा बराचसा भाग ओसरला. दिल्लीत अहमदाबादच्या ‘एज्युकेशनल इनिशिएटिव्हज’ या संस्थेचे ‘माइंडस्पार्क’ हे सॉफ्टवेअर शाळेनंतरच्या केंद्रांत वापरले गेले; ते मुलाची इयत्ता न पाहता त्याची खरी पातळी पाहते आणि साचेबद्ध चुका ओळखते. साडेचार महिन्यांत गणितात ०.३७ प्रमाण विचलनाची प्रगती झाली, मात्र शाळेच्या इयत्तेबरहुकूम होणाऱ्या गणिताच्या परीक्षेत तिचे लक्षणीय प्रतिबिंब पडले नाही, कारण सहावीतले मूल चौथीचे गणित शिकत होते आणि परीक्षा सहावीचेच विचारत होती.

सर्वांत अस्वस्थ करणारा निकाल गुजरातेत ‘ज्ञानशाला’ या संस्थेच्या शाळांत ली लिंडेन यांना मिळाला. दोन्हीकडे सॉफ्टवेअर एकच, मुलेही त्याच संस्थेची. जिथे ते शाळेच्या वेळेत शिक्षकाच्या तासाऐवजी चालवले तिथे मुले ०.५७ प्रमाण विचलनाने मागे पडली, आणि जिथे शाळेखेरीजच्या वेळात जोड म्हणून दिले तिथे ०.२८ ने पुढे गेली. बदलले होते ते एवढेच, की संगणकाने कोणाची जागा घेतली.

उच्च गणिताकडे पाहिले तर यंत्र आज रीतसुद्धा ओळ न् ओळ तपासते. ‘लीन’ या सिद्धता-पडताळणी सॉफ्टवेअरवर लंडनच्या इम्पिरियल कॉलेजमधील केव्हिन बझर्ड आणि मोहम्मद पेद्रामफर यांनी २०१९ मध्ये नैसर्गिक संख्यांचा एक खेळ रचला, ज्यात खेळणाऱ्याला क + ख = ख + क यासारखी सर्वांना उघड वाटणारी विधाने मूळ गृहीतकांपासून सिद्ध करावी लागतात आणि एकही पायरी गाळली तर यंत्र पुढे सरकू देत नाही. २०२४ च्या आंतरराष्ट्रीय गणित ऑलिंपियाडमधील सहापैकी चार प्रश्न गूगल डीपमाइंडच्या प्रणालींनी सोडवून ४२ पैकी २८ गुण मिळवले, त्यातही बीजगणित आणि संख्या सिद्धान्ताच्या सिद्धता ‘लीन’मध्येच लिहिलेल्या होत्या. सिद्धता खरी की खोटी एवढे ‘लीन’ निःसंशय सांगते. अर्ध्या वाटेवर अडलेल्या विद्यार्थ्याच्या मनात काय आहे, ते सांगत नाही.

ते ओळखण्याचे काम ब्राउन आणि बर्टन यांनी शिक्षकावरच सोपवले होते, आणि त्यांच्या आज्ञावलीचा सर्वांत कल्पक उपयोग बहुधा तोच होता. ‘बगी’वर बेतलेल्या खेळात यंत्र शिक्षक होत नसे, विद्यार्थी होत असे. आपल्या पोटात एक दोष लपवून ते भावी शिक्षकाच्या वजाबाकीच्या प्रश्नांना चुकीची उत्तरे देई आणि शिक्षकाने पुढचे प्रश्न नेमके निवडून दोष हुडकायचा असे. ३०५ वजा १६७ या प्रश्नाला २३८ असे उत्तर मिळाले की बहुतेकांना निदान झाल्यासारखे वाटेल, पण त्या उत्तरामागे दोन वेगळे दोष असू शकतात: मूल फक्त शून्यापाशी चुकत असेल, किंवा शतकाचा हातचा कमी करायला नेहमीच विसरत असेल. दोन्ही शक्यता वेगळ्या करायच्या तर मधले शून्य काढून ३२५ वजा १६७ असा प्रश्न द्यावा लागतो. यंत्राने १५८ म्हटले तर अडचण शून्यापाशी आहे, २५८ म्हटले तर ती शतकापाशी आहे, आणि तिसरेच काही म्हटले तर आणखी एक प्रश्न रचावा लागतो.